कडेला उभा राहणारा वस्ताद

'सिम्पसन्स' ही अमेरिकन कार्टून मालिका म्हटली की सगळे मॅट ग्रोनिंगचं नाव घेतात, बरोबरच आहे, ती पिवळी माणसं त्यानंच काढलीत. पण त्यांना हसतं-बोलतं करायला सॅम सायमन लागला, आणि हा गडी कोण ते आमच्या ग्रुपात कुणालाच माहीत नव्हतं. म्हटलं चला, लिहूनच टाकू.

स्टॅनफर्डला असताना कॉलेजच्या पेपरात व्यंगचित्रं काढायचा, मग फिल्मेशन नावाच्या कार्टून कंपनीत स्टोरीबोर्डचं, म्हणजे प्रसंग आधी चित्रांत मांडून दाखवायचं काम. तिथनं 'टॅक्सी' या सिटकॉमला, म्हणजे विनोदी मालिकेला, कुणी न मागता स्क्रिप्ट लिहून पाठवली, ती घेतली गेली, आणि तिशी गाठायच्या आत हा पोरगा तो अख्खा शो चालवत होता. पुढं 'चिअर्स' ही दुसरी सिटकॉम. मग १९८९ ला ग्रोनिंग आणि निर्माता जेम्स ब्रूक्सबरोबर सिम्पसन्स.

जॉर्ज मायर, स्वार्ट्झवेल्डर, जॉन व्हिटी ही भारी लेखक मंडळी गोळा केली ती सायमननंच. पद्धत अशी की एकजण ड्राफ्ट लिहिणार, मग सगळे एका खोलीत बसून ओळ न् ओळ फोडणार, जोक पडला की तिथंच दुसरा शोधायचा, आणि शेवटी नाव मात्र पहिला ड्राफ्ट लिहिणाऱ्याचंच लागणार. आम्ही गॅदरिंगच्या स्किटला राजारामपुरीत एका मित्राच्या फ्लॅटवर हेच करून बघितलं होतं, चहा यायच्या आत "माझी लाईन का कापली" सुरू झालं, त्यातला एकजण अजून नीट बोलत नाही.

ग्रोनिंगशी त्याचं पटेना, १९९३ ला बाहेर पडला. पण जाताना एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर म्हणून नाव आणि कमाईतला वाटा दोन्ही लिहून घेतलं, म्हणजे नंतर एक ओळ न लिहिता दरवर्षी कोट्यवधी डॉलर येत राहिले. मला यात काही गैर वाटत नाही, पाया त्यानं घातला होता. आपल्याकडं एपिसोडचं मानधन दिलं की विषय संपला. २०१२ ला कॉपीराइट कायदा बदलला, रॉयल्टीचा हक्क लेखकाकडनं लिहून काढून घेता येत नाही असं ठरलं, तरी हातात पैसे पडेपर्यंत काय काय होतं ते लेखकांनाच विचारा.

मग पुढं काय, तर पोकर आणि बॉक्सिंग! लॅमन ब्रूस्टर नावाच्या बॉक्सरचा हा मॅनेजर, आणि २००४ ला त्या ब्रूस्टरनं व्लादिमिर क्लिच्कोला पाचव्या राउंडला गार करून हेवीवेटचा किताब मारला. खासबागला कुस्ती बघितलेल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको, वस्ताद कडेला उभा असतो, फोटो पैलवानाचा येतो.

पैसा त्यानं कुत्र्यांवर उडवला, बेवारस कुत्री सोडवून आणायची आणि ऐकू न येणाऱ्या लोकांच्या मदतीला तयार करायची अशी संस्थाच काढली. २०१२ ला कॅन्सर निघाला, डॉक्टर म्हणाले ३ ते ६ महिने. गडी मार्च २०१५ पर्यंत जगला आणि तोवर पैसे वाटतच होता.

आणि हो, 'चला हवा येऊ द्या'मध्ये पोस्टमनची पत्रं ऐकून आमच्या घरी सगळ्यांचे डोळे भरायचे. आईला अजून वाटतं ती सागर कारंडेनंच लिहिली. अरविंद जगतापांनी लिहिली गं आई, किती वेळा सांगू.