कुठले पाटील?

मराठी माणसाचं खरं कुतूहल पहिल्या प्रश्नात नसतं, दुसऱ्यात असतं. पहिला प्रश्न आडनावाचा. देशपांडे किंवा कांबळे म्हटलं की समोरचा मान डोलावतो आणि पावसापाण्याकडे वळतो. त्याचं काम झालेलं असतं. निदान त्याला तसं वाटतं. पंचाईत होते ती पाटलांची. पाटील मराठा असतात, रायगडात आगरी, सांगली-कोल्हापूरकडे जैन नि लिंगायत, खानदेशात लेवा, आणि मुसलमानही. मुळात तो गावचा हुद्दा. मग "कुठले पाटील?" तेवढ्याने भागलं नाही तर "कुलदैवत कोणतं?" आणि तरीही घोडं अडलं तर हसत हसत, "तुमच्यात मटण चालतं ना?"

विचारणाऱ्याला मनापासून वाटत असतं की आपण आपुलकीने चौकशी करतोय.

असाच एक पाटील, माझा मित्र, पुण्यात भाड्याने फ्लॅट बघत होता. मी सोबत होतो. मालकीणबाईंनी चहा टाकला, खारी काढली. आडनाव, गाव, कुलदैवत असं करत गाडी मुक्कामाला पोचली, तशी बाईंनी पुढे केलेली बशी जराशी मागे घेतली. त्यांच्या ते लक्षातही आलं नसावं. "आमचं काही नाही हो, पण सोसायटीतले लोक..." हे 'सोसायटीतले लोक' मी आजवर कुणाच्याच घरी पाहिलेले नाहीत. संध्याकाळी एजंटचा फोन: फ्लॅट भाचीला द्यायचं ठरलंय. पुण्यात रिकाम्या फ्लॅटांपेक्षा भाच्याच जास्त असाव्यात.

ही खोड जुनीच. अलिबाग-पेणच्या पट्ट्यात बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले ज्यू, पिढ्यान् पिढ्या राहिले. घरात मराठी, आडनावं पेणकर, रोहेकर, किहीमकर. तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी बंद ठेवायचे. गावाने फार डोकं चालवलं नाही, 'शनवार तेली' म्हणून त्यांना जातींच्या उतरंडीत बसवून टाकलं. १९४८ नंतर त्यांतले बहुतेक इस्रायलला गेले. तिथे तरी हे थांबावं? तर १९६०च्या दशकात तिथल्या धर्मपीठाला शंका, हे अस्सल ज्यू कशावरून? लग्नाआधी आजी-पणज्यांची चौकशी सुरू झाली. या मंडळींनी निदर्शनं केली, धरणं धरलं, आणि १९६४ साली ते पूर्ण ज्यू असल्याचं एकदाचं मान्य झालं. तोवर किती लग्नं खोळंबली असतील कोण जाणे.