टक्के वजनाचे की नगाचे?

नववीच्या सराव परीक्षेसाठी मी काढलेला प्रश्न असा: काजूच्या एका कारखान्यात येणाऱ्या मालापैकी 60% गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातून येतो आणि 40% परदेशातून. सत्तरीच्या मालात 4% बिया पोचट निघतात, परदेशी मालात 9%. (अ) एकूण मालात पोचट किती टक्के? (ब) पोचट मालापैकी परदेशी किती टक्के? आकडे बाजारातले नव्हेत, हिशेब सरळ सुटावा म्हणून बसवलेले.

(अ) ला बहुतेकांनी 6.5 लिहिलं. चार आणि नऊ यांची बेरीज, भागिले दोन. दोन्हीकडून सारखाच माल आला असता तर ते बरोबर ठरलं असतं. काहींनी 13 लिहिलं. दोन्ही ढीग चांगले असताना एकत्र केल्यावर माल दोघांपेक्षाही खराब कसा निघेल, हे कोणी स्वतःला विचारलं नाही. मिश्रणाचं उत्तर नेहमी दोन टोकांच्या मध्ये पडतं आणि जिकडचा माल जास्त तिकडे सरकतं. इथे सत्तरीचा माल जास्त, म्हणजे उत्तर 6.5 च्या खालीच हवं. पेन उचलण्याआधी एवढं ठरवता येतं. पण गाइडं सूत्रापासून सुरू होतात, आणि मुलं अंदाज बांधायलाच विसरतात.

मी सूत्र देत नाही. 1000 किलो माल धरायला सांगते. 100 धरला तर मध्येच 2.4 किलो वगैरे येतं आणि मुलं दशांशचिन्हावर अडखळतात. सत्तरीचे 600 किलो, त्याचे 4% म्हणजे 24. परदेशी 400 किलो, त्याचे 9% म्हणजे 36. पोचट एकूण 60 किलो, 1000 पैकी, म्हणजे 6%. (ब) साठी आता हजार विसरायचे. पाया बदलला, तो 60 झाला. 60 पैकी 36, म्हणजे 60%. आवक 40% असूनही पोचट मालात परदेशी वाटा 60%. (ब) ला ज्यांनी 69.2 लिहिलं त्यांनी 9 भागिले 13 केलं होतं. वेगवेगळ्या ढिगांचे टक्के एकमेकांत मिसळत नाहीत. मिसळायचे तर आधी त्यांचे किलो करावे लागतात. उताऱ्यातला ‘पैकी’ कशाला लागतो ते पेन्सिलीने अधोरेखित करा, हे मी वर्षभर सांगते. ऐकतात चार जणं.

उलटा प्रश्नही याच कागदावर सुटतो. मिश्रण 6% निघालं, तर माल कोणत्या प्रमाणात मिसळला? 9 वजा 6 म्हणजे 3, 6 वजा 4 म्हणजे 2. प्रमाण 3:2. चूक होते ती 3 कोणाच्या नावावर टाकायचे इथे. 6 हा 4 च्या जवळ आहे, म्हणून मोठा वाटा 4 वाल्याचा, सत्तरीचा.

पडताळ्यासाठी मी जनगणनेचे आकडे देते. 2011 साली उत्तर गोव्याची साक्षरता 89.57%, दक्षिण गोव्याची 87.59%. सरळ सरासरी 88.58, पण राज्याचा आकडा 88.70. उत्तरेची लोकसंख्या 8,18,008, दक्षिणेची 6,40,537. त्या प्रमाणात वजन दिलं, म्हणजे प्रत्येक टक्का आपापल्या लोकसंख्येने गुणून बेरजेला एकूण लोकसंख्येने भागलं, की 88.70 बरोबर येतं. खरं तर साक्षरता सात वर्षं आणि त्यावरच्यांची मोजतात, म्हणून वजनही त्याच लोकसंख्येचं घ्यायला हवं. दोन्ही जिल्ह्यांत लोकसंख्येतलं त्यांचं प्रमाण जवळपास सारखं, म्हणून इथे निभावतं.

पेपर परत दिले त्या दिवशी, घरी काजूची बागायत असलेली एक मुलगी उभी राहिली. तिने (अ) कोराच ठेवला होता. “टीचर, हे टक्के वजनाचे की नगाचे? आमच्याकडे बिया सोसायटीत किलोने घालतात, पण पोचट बघायचं तर शंभर बिया मोजून फोडतात. बारीक बिया किलोत जास्त बसतात.”

मी फळ्यावर हिशेब मांडला. समजा सत्तरीच्या बिया किलोला 160 आणि परदेशी 200. आवक 60 आणि 40 किलो, पण पोचटचे टक्के नगावर. सत्तरीच्या 9600 बिया, पोचट 384. परदेशी 8000, पोचट 720. एकूण 17,600 पैकी 1104, म्हणजे सुमारे 6.27%. पोचट नगांपैकी परदेशी 65.2%. उत्तर 6 राहिलं नाही, 60 ही राहिलं नाही. आवक किलोत आणि खराबी नगात असेल, तर किलोला किती बिया हे सांगितल्याशिवाय माझा प्रश्न सुटतच नाही. तिने कोरा ठेवला त्यात चूक नव्हती.

खाणीच्या पट्ट्यातल्या मुलांना हे लगेच पटलं. खनिजातल्या लोखंडाची टक्केवारी कोरड्या वजनावर काढतात आणि ट्रक काट्यावर चढतो तो ओला. दोन खाणींचा माल एकत्र करताना आधी दोन्हींचा ओलावा वजा करावा लागतो, नाहीतर जास्त ओल्या मालाला फुकटचं वजन मिळतं.

गुणांचं काय करायचं यावर स्टाफरूममध्ये वाद झाला. एका सहकाऱ्याचं म्हणणं, परीक्षेत इतका विचार करायचा नसतो, 6 लिहून पुढे जायचं. बोर्डाच्या पेपरात तिने तेच करावं असं मलाही वाटतं, आणि तसं वाटतं याची चीडही येते. तिला मी पूर्ण गुण दिले. 6 वाल्यांचेही ठेवले.

पुढच्या पेपरात प्रश्नाखाली एक ओळ वाढवली: ‘सर्व टक्के वजनाचे धरावेत.’ पेपर सुरू होऊन दहा मिनिटं झाली नाहीत तोच तिचा हात वर.

“टीचर, टरफलासकट की नुसत्या गराचं?”