टेराकोटा आर्मी : गर्दी, कोपरं आणि एक तळवा

चीनमधल्या शिआनच्या किल्ल्याच्या भिंतीवर सायकल चालवली, मुस्लिम क्वार्टरमध्ये फिरलो, मजा आली, ते सोडा. मला लिहायचंय टेराकोटा आर्मीबद्दल, म्हणजे सम्राटाच्या कबरीजवळ पुरलेल्या भाजक्या मातीच्या फौजेबद्दल, आणि थोडं चिडूनच.

पिट नंबर 1 म्हणजे सव्वादोनशे मीटरच्या वर लांब शेड, खाली रांगेत मातीचे सैनिक, वर रेलिंगला आपण, एकमेकांना कोपरं मारत. 1974 साली विहीर खणताना शेतकऱ्यांना हे सगळं सापडलं, असं गाईड कानात सांगत होता तेव्हा मला समोर फक्त एका काकांची टोपी दिसत होती. पुढे थांबूच नका, सरळ मागच्या टोकाला जा. तिथे दुरुस्ती चालते. कुणाला डोकं नाही, कुणी प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला. वरचं लाकडी छत जळून कोसळलं त्यात जवळपास सगळ्यांचे तुकडे झालेले, पुढे जे ऐटीत उभे दिसतात ते जोडून उभे केलेत. बिनडोक्याच्या सैनिकाचं धड आतून पोकळ असतं ते इथेच कळतं, पाय मात्र भरीव.

पिट 2 मध्ये काचेत गुडघा टेकून बसलेला तिरंदाज आहे. बुटका म्हणून वाचला बिचारा. सगळे समोरून फोटो काढत होते म्हणून मी वैतागून मागे गेलो, तर पाठीवर चिलखताच्या दोऱ्यांचा लाल रंग अजून थोडा टिकलेला, आणि दुमडलेल्या पायाच्या बुटाचा तळ दिसला. त्यावर टाके काढलेत हो! चवड्याला आणि टाचेला दाट, मध्ये विरळ. जमिनीत पुरायच्या पुतळ्याच्या बुटाचा तळ कोण बघणार होतं? बरं, बऱ्याच पुतळ्यांवर कारागिरांची नावं कोरलेली सापडलीत, काम बिघडलं तर कुणाला धरायचं ते कळावं म्हणून. आपल्याकडे रस्त्यांवर कॉन्ट्रॅक्टरचं नाव असं कोरा, मग बघू.

मी तिथेच रेंगाळलो तर टूर मॅनेजर झेंडा हलवत हजर. ज्याच्यासाठी हा सगळा खटाटोप, तो चीनचा पहिला सम्राट छिन शि हुआंग इ.स.पू. 210 मध्ये गेला, त्याची कबर अजून उघडलेलीच नाही, ती टेकडी आम्ही बसच्या खिडकीतून बघितली. कबरीजवळ सापडलेले ब्राँझचे रथ वेगळ्या म्युझियममध्ये हलवलेत, तिकीट त्याच पैशात, शटल बसही असते. आम्हाला नेलं नाही, कारण इंडियन रेस्टॉरंटमध्ये जेवायची वेळ ठरलेली. आणि तिथली डाळ म्हणजे नुसतं पिवळं पाणी.