ब्रश, कॅमेरा आणि लेखन : आमच्या स्टुडिओची वाटचाल

आमच्या स्टुडिओचं मूळ अण्णांच्या रंगाच्या डब्यात आहे. अण्णा म्हणजे माझे वडील, कोल्हापुरात बोर्ड पेंटर होते. दुकानांच्या पाट्या, ट्रकच्या मागचं लिखाण, निवडणुकीच्या भिंती, गणपतीत मंडळांचे पडदे, सगळं हातानं. सुताला खडूची पूड लावायची, दोन टोकं दोघांनी धरायची, मधे ओढून सोडलं की भिंतीवर सरळ रेघ उमटते, आणि मग त्या रेघांमधे अक्षरं नुसत्या नजरेनं बसवायची. देवनागरीत हे अवघड असतं कारण 'र' ला आणि 'क्ष' ला सारखी जागा देऊन चालत नाही, वर रफार, मात्रा, वेलांटी, खाली उकार, हे सगळं पाटीच्या उंचीत मावलं पाहिजे आणि तरी रस्त्याच्या पलीकडून वाचता आलं पाहिजे. मी शाळेत असल्यापासून त्यांच्या हाताखाली ब्रश धुवायला, मग आउटलाइन भरायला होते. नंतर जी. डी. आर्ट, म्हणजे चित्रकलेचा सरकारी डिप्लोमा, केला तेव्हा बऱ्याच गोष्टी हाताला आधीच माहीत होत्या.

मग फ्लेक्स आला. ज्यांनी तो काळ बघितलाय त्यांना सांगायला नको. अण्णांना एक पाटी करायला जितका वेळ लागायचा तितक्यात मशीनमधून गल्लीभर पुरतील एवढे फलक निघायचे आणि तेही स्वस्तात. काही पेंटरांनी कर्ज काढून मशीन घेतली, काहींनी घरं रंगवायला घेतली, काहींनी हा धंदाच सोडला. आमच्या घरी तेव्हा मी चित्रं काढत होते, धाकटा भाऊ लग्नाच्या व्हिडीओ शूटिंगला जात होता, मिनी डीव्ही टेपचा जमाना, आणि मी रात्री त्याच्या शूटिंगची टायटल्स करून द्यायचे. आम्ही बसून सरळ विचार केला की वेगात आणि दरात फ्लेक्सशी स्पर्धा करायची नाही. ज्याला नवीन चित्र लागतं, ज्याला गोष्ट सांगायची आहे, ज्याला मजकूर लिहून पाहिजे, तो फ्लेक्सच्या दुकानात जाऊन काय करणार? तिथं आपण उभं राहायचं. अण्णांच्या कामाची जागा होती तीच आमचा स्टुडिओ झाली.

सुरुवातीला बरेच जण म्हणायचे एक काहीतरी धरा. चित्रकार तर चित्रकार, फिल्मवाले तर फिल्मवाले, लेखक तर लेखक. मला हे कधीच पटलं नाही आणि त्याला कारण आमचं गावच आहे. बाबूराव पेंटर इथलेच. जन्म १८९०, आडनाव मेस्त्री, पण लोकांनी पेंटर हेच आडनाव करून टाकलं. ते आणि त्यांचे भाऊ आनंदराव नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे, त्यातून सिनेमाचं वेड लागलं, आणि विकत घ्यायची ऐपत नाही म्हणून कॅमेरा स्वतः बनवायला घेतला. १९१६ मधे आनंदराव गेले तरी बाबूरावांनी ते काम सोडलं नाही, पुढे महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि १९२० मधे 'सैरंध्री' हा सिनेमा आला. शूटिंगच्या आधी पोशाखाची, पात्रांची, प्रसंगांची स्केचेस काढायची, सेट उभा करायचा, पोस्टर स्वतः रंगवायचं, पुन्हा शिल्पकला आहेच. दामले, फत्तेलाल, व्ही. शांताराम हे सगळे तिथं तयार झाले आणि १९२९ मधे त्यांनी इथंच कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी सुरू केली.

मला त्यातली एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते. आयुष्यभर पडदे रंगवलेल्या या माणसानं सिनेमात मात्र रंगवलेल्या सपाट पडद्यांवर भागवलं नाही, खोली असलेले, माणसाला आत शिरता येईल असे सेट उभे केले. पडदा कुठं खोटा पडतो हे पडदे रंगवणाऱ्यापेक्षा जास्त कुणाला कळणार? म्हणजे एका कलेतलं ज्ञान दुसऱ्या कलेत असं कामाला येतं, ते वेगवेगळ्या खात्यांत वाटून ठेवलं तर येत नाही. आमचा स्टुडिओ मी याच भरवशावर चालवते.

२००८ च्या सुमाराला स्टिल कॅमेऱ्यातच चांगला व्हिडीओ यायला लागला, कॅननचा फाइव्ह डी मार्क टू आला त्यानं आमच्यासारख्या छोट्या लोकांचं नशीब बदललं असं मी म्हणेन. मोठा सेन्सर, बदलता येणाऱ्या लेन्स, कमी उजेडात काम. एक क्लिप साधारण बारा मिनिटांत थांबायची कारण फाइल चार जीबीच्या पुढं जात नव्हती, आणि आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर घ्यावा लागायचा, पण चित्राची जी खोली पाहिजे होती ती पहिल्यांदा आमच्या बजेटमधे आली. भावानं लग्नाची कामं हळूहळू कमी केली आणि आम्ही डॉक्युमेंटरीकडे वळलो.

ज्या कामानं आमची ओळख झाली ते कोल्हापुरी चपलेचं. २०१९ मधे या चपलेला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालं, महाराष्ट्रातले चार आणि कर्नाटकातले चार जिल्हे मिळून, त्याच्या बऱ्याच आधीपासून आम्ही कारागिरांच्या घरी जात होतो. पहिल्यांदा कॅमेरा न्यायचाच नाही हा माझा नियम. मी स्केचबुक घेऊन कोपऱ्यात बसते. माणूस चित्र काढत असला की समोरचा घाबरत नाही, उलट मधे येऊन बघतो आणि "अहो ताई, रापी अशी नसते धरायची" म्हणून चामडं कापायचं ते हत्यार आपणच धरून दाखवतो, तिथंच आम्हाला अर्धी फिल्म कळते.

चामडं कमावताना बाभळीची साल आणि हिरडा वापरतात, कातड्याची पिशवी शिवून त्यात ते पाणी भरून टांगून ठेवतात, ते झिरपत राहतं आणि कातडं आतून तयार होतं. हा भाग कॅमेऱ्यानं सुंदर येतो, थेंब, रंग, आवाज. पण तळ शिवताना चामड्याचीच बारीक वादी आरीनं, म्हणजे टोच्यानं, पाडलेल्या भोकातून कशी जाते, दोन थरांच्या मधे ती कशी वळते, एकही खिळा न मारता चप्पल कशी टिकते, हे कुठल्याही लेन्सनं दिसत नाही कारण ते चामड्याच्या आत घडतं. तिथं मी आडवा छेद काढला, एकेक थर सुटा करून, आणि तेच चित्र फिल्ममधे ॲनिमेशन झालं. सेकंदाला २५ फ्रेम, एक चित्र दोन फ्रेम धरायचं, म्हणजे सेकंदाला बारा-तेरा चित्रं, टाका पूर्ण दिसायला जेवढी लागली तेवढी हातानं काढली.

आणि तिसरी गोष्ट ना कॅमेऱ्यात आली ना चित्रात. वेण्या घालणाऱ्या एक मावशी होत्या, चपलेच्या पट्ट्यावरची चामड्याची वेणी बऱ्याच घरांत बायकाच घालतात. कॅमेरा लावला की त्या दोन वाक्यांत उत्तर द्यायच्या. कॅमेरा बंद करून मी नुसती शेजारी बसले की बोलायला लागायच्या, सासूनं वेणी कशी शिकवली, बोटं कशी सोलायची, पावसाळ्यात माल खपत नाही तेव्हा घर कसं चालतं. ते मी घरी येऊन त्यांच्याच शब्दांत लिहून काढायचे, पुढच्या भेटीत त्यांना वाचून दाखवायचे, त्या म्हणतील ते खोडायचे. त्याचं छोटं पुस्तक झालं, माझ्या चित्रांसकट. पुस्तक करताना पानांचा हिशोब सोळाच्या फर्म्यात, म्हणजे एकत्र छापल्या जाणाऱ्या सोळा पानांच्या गठ्ठ्यात, बसवावा लागतो, चित्र किती आणि मजकूर किती ही ओढाताण शेवटपर्यंत चालली, आणि आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा ओळख क्रमांक, आपल्याकडे सरकारी एजन्सीकडून फुकट मिळतो हे ज्यांना स्वतः पुस्तक काढायचंय त्यांनी लक्षात ठेवा.

आता पैशाबद्दल, कारण हे वाचणाऱ्यांत नवीन स्टुडिओ काढणारे असतील. आमचं घर चालतं ते कंपन्यांच्या फिल्म, पुस्तकांची मुखपृष्ठं, म्युझियमच्या माहिती फलकांचा मजकूर आणि चित्रं अशा कामांवर. इथं फाउंड्री, म्हणजे धातू ओतायचे कारखाने, खूप आहेत, त्यांना परदेशी गिऱ्हाइकाला दाखवायला फिल्म लागते, आणि वितळलेलं लोखंड साच्यात ओततानाचं शूट मला आजही तितकंच आवडतं. त्यातून वर्षातले काही महिने आमच्या स्वतःच्या कामाला सुटतात. कोटेशनमधे मी लेखन, चित्र आणि फिल्म यांच्या तीन वेगळ्या ओळी दाखवते, निम्मा ॲडव्हान्स, रफ कटला, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जोडणी दाखवली की, पुढचा हप्ता आणि फायनल फाइल द्यायच्या आधी बाकीचे. जीएसटी १८ टक्के वेगळा लिहायचा, आणि प्रोफेशनल फी म्हणून १० टक्के टीडीएस कापून येतो तो धरूनच महिन्याचं गणित मांडायचं.

तीन ओळी दाखवण्याचं खरं कारण कॉपीराइट आहे. १९५७ च्या कायद्याप्रमाणे कुणी मोबदला देऊन फोटो, चित्र किंवा फिल्म करून घेतली आणि वेगळा करार नसेल तर पहिला मालक तो करून घेणारा. लेखनाचं तसं नाही, तुम्ही त्याच्याकडे नोकरीला नसाल तर लिहिणाराच मालक. म्हणजे एकाच कामात माझं चित्र गिऱ्हाइकाचं आणि त्याच्याच खाली छापलेला मजकूर माझा, असं होऊ शकतं! म्हणून काम सुरू व्हायच्या आधी कोणतं काय, कुठं आणि किती वर्षं वापरायचं हे कागदावर लिहून घेते. हक्क लिहून दिले आणि मुदत लिहिली नाही तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नाही तर भारतापुरतेच धरतो. चित्रकार मंडळी हे वाचायचा कंटाळा करतात, कृपा करून करू नका, तुमच्या म्हातारपणाची पुंजी त्यात आहे.

फुटेज सांभाळणं हाही मोठा खर्च. १०० एमबीपीएसनं, म्हणजे सेकंदाला १०० मेगाबिट या वेगानं, शूट केलं तर तासाला ४५ जीबी होतात. सगळ्याच्या तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्या घरी, याला तडजोड नाही, कारण ज्यांचं शूट केलंय त्यातली काही माणसं आता नाहीत.

भाऊ कॅमेरा आणि आवाज बघतो, एडिटला आता एक मुलगी आणि एक मुलगा आहे, दोघंही आमच्याकडेच शिकले. कामाला येणाऱ्याला मी शोरील, म्हणजे आधीच्या कामाचे नमुने, आधी विचारत नाही, एखाद्या माणसाचं काम तासभर बघून त्यावर पानभर लिहून आण आणि दोन स्केच काढ, वेडीवाकडी चालतील, एवढं सांगते. जो बघू शकतो त्याला सॉफ्टवेअर शिकवता येतं.

सध्या आमचं गुऱ्हाळावर काम चालू आहे. काहिलीतल्या, म्हणजे मोठ्या कढईतल्या, उसाच्या रसाची मळी काढायला भेंडीच्या झाडाचा चिकट रस घालतात, मग रंग सारखा बदलत जातो, आणि काहील कधी उतरवायची हे गुळव्या नुसत्या बुडबुड्यावरून आणि पाण्यात टाकलेल्या गोळीवरून ठरवतो. कॅमेऱ्याचा व्हाइट बॅलन्स, म्हणजे उजेडाप्रमाणे रंग जुळवायची सेटिंग, चुलवाणाच्या जाळाकडे ठेवला तर रसाचा रंग खोटा येतो, बाहेरच्या उजेडाला ठेवला तर जाळ, शिवाय लेन्सवर वाफ. म्हणून मी काहिलीशेजारी बसून दर थोड्या वेळानं वॉटरकलरची एकेक पट्टी रंगवून वेळ लिहून ठेवतेय, हिरवट, मातकट, तांबूस, सोनेरी, आणि एडिटला त्या पट्ट्या समोर ठेवूनच रंग लावायचे असं ठरलंय. अजून गुळव्यांच्या बोलण्याचं लिखाण निम्मं बाकी आहे, ते रात्रपाळीला जास्त बोलतात, त्यामुळं पुढच्या आठवड्यात पुन्हा मुक्कामाला जायचंय.