तुम्ही विचारलंत म्हणून: इम्युनोकॉम्प्रमाइज्ड म्हणजे नेमकं काय?

"अगं, तू अजून मास्क का लावतेस?" हा प्रश्न आला की त्याच्या मागोमाग पुढचा येतोच, इम्युनोकॉम्प्रमाइज्ड म्हणजे नेमकं काय, आणि मग तिसरा, जरा आवाज खाली आणून, "म्हणजे ते एचआयव्ही वगैरे नाही ना?" सोसायटीतल्या काकू विचारतात, ऑफिसात नवीन जॉइन झालेली पोरं विचारतात, मुंजीच्या पंगतीत शेजारी बसलेली कोणाची तरी वहिनी विचारते आणि नेमका तेव्हाच मठ्ठ्याचा वाढपी येतो, उत्तर अर्धंच राहतं. म्हणून सगळं एकदाच लिहून काढते.

सरळ उत्तर आधी. जंतूंशी लढायची शरीराची जी व्यवस्था आहे तिचा एखादा भाग आजारामुळे, औषधामुळे किंवा जन्मापासूनच नीट चालत नसेल तर त्या माणसाला डॉक्टर इम्युनोकॉम्प्रमाइज्ड म्हणतात. दर पावसाळ्यात सर्दी होणाऱ्याला नाही म्हणत. थकवा, केस गळणं, घसा धरणं, "मला ना हल्ली सगळंच लगेच लागतं", यातलं काहीही म्हणजे हे नव्हे. आणि हा अशक्तपणाही नाही, त्यामुळे डिंकाचे लाडू पाठवलेत तर मी आनंदाने खाईन पण उपयोग शून्य.

माझ्या बाबतीत तर ही प्रतिकारशक्ती मुद्दाम कमी केलेली आहे, रोज दोन वेळा, मी स्वतःच्या हाताने करते. मला आईची किडनी बसवलीये. आता शरीराला आईबिई काही कळत नाही, परकं ते परकं, आणि परकं दिसलं की त्याच्यावर तुटून पडायचं हे त्याचं कामच आहे. १९५४ साली बॉस्टनला डॉ. जोसेफ मरेंच्या टीमने पहिली यशस्वी किडनी ट्रान्सप्लांट केली ती जुळ्या भावांमधे, तेही अगदी एकसारखे जुळे, त्यामुळे एकाची किडनी दुसऱ्याच्या शरीराला परकी वाटलीच नाही. बाकी जगाने जुळा भाऊ कुठून आणायचा? मग औषधं शोधावी लागली. मी घेते ती मुख्य गोळी टॅक्रोलिमस, ट्रान्सप्लांटवाले तिला नुसतं टॅक म्हणतात, ती १९८४ मधे जपानच्या त्सुकुबा डोंगराजवळच्या मातीतल्या एका बॅक्टेरियात सापडली. जोडीला मायकोफेनोलेट, तीही प्रतिकारशक्ती दाबणारीच गोळी, आणि थोडं प्रेडनिसोलोन, म्हणजे स्टेरॉइड. सकाळी नऊ, रात्री नऊ. लग्न असो, ट्रॅफिक असो, गणपतीची आरती चालू असो, नऊ म्हणजे नऊ.

टॅकची लेव्हल, म्हणजे रक्तातलं प्रमाण, तपासायची असते त्या दिवशी मात्र सकाळची टॅक न घेता लॅबमधे जायचं, कारण बघायचं असतं ते पुढचा डोस घ्यायच्या आधी रक्तात कमीत कमी किती उरलंय ते. गोळी पर्समधे, पाण्याची बाटली मांडीवर, आणि काउंटरवरचा मुलगा विचारतो "मॅडम, फास्टिंग ना?" मी म्हणते फास्टिंग नाही रे, टॅक घेतली नाहीये, रात्रीची नऊला घेतली होती ती वेळ फॉर्मवर लिही. तो लिहितो कधी, कधी नाही, मग मीच वाकून बघते. रक्त काढून झालं की कोपर दुमडून कापूस दाबत एका हाताने स्ट्रिप फोडायची आणि तिथेच गोळी. माझ्या डॉक्टरांना आकडा साधारण ५ ते ८ मधे लागतो. खाली गेला तर माझंच शरीर किडनीवर हल्ला करणार, वर गेला तर हात थरथरायला लागतात, औषधाचाच त्रास किडनीला होतो आणि इन्फेक्शनला दार उघडं. या दोघांच्या मधल्या चिंचोळ्या पट्टीत मी राहते, बाकी तब्येत ठणठणीत आहे.

आता कळलं ना, "इम्युनिटी वाढवायचं काहीतरी घे की" म्हटलं की मी गप्प का होते? ती वाढली तर माझी किडनी जाईल. कोविडच्या काळात गुळवेलचा काढा घराघरात उकळत होता, मलाही बाटल्या भरून यायच्या, प्रेमानेच यायच्या. २०२१ मधे मुंबईतल्या डॉक्टरांनी गुळवेल घेणाऱ्या सहा पेशंटना लिव्हरला इजा झाल्याचं छापलं, आयुष मंत्रालयाने त्यावर जोरदार आक्षेप घेतला, तो वाद तज्ञांनी सोडवावा. माझ्यापुरतं म्हणायचं तर प्रतिकारशक्तीला डिवचणारी कुठलीही गोष्ट, देशी असो की विदेशी, मला नको. पपनसही नको, कारण त्याने टॅकची लेव्हल वर जाऊ शकते, ग्रेपफ्रूटचंही तसंच. पपनस मला भयंकर आवडायचं, ते दुःख वेगळंच.

लोकांना वाटतं इम्युनिटी म्हणजे गच्चीवरची टाकी, पाणी कमी झालं की मोटर लावली. तसं नाहीये हे, आणि इथेच सगळा घोळ होतो. त्यात वेगवेगळी खाती आहेत आणि कोणाचं कुठलं खातं बंद आहे त्यावर त्याला कशाची भीती ते ठरतं. केमो चालू असलेल्यांचे "काउंट पडतात" म्हणतात ना, ते बहुतेक न्यूट्रोफिल या पांढऱ्या पेशींचे. दीड हजाराच्या वर असायला हवेत ते पाचशेच्या खाली जातात, आणि मग साध्या बॅक्टेरियाने, स्वतःच्याच आतड्यातल्या सुद्धा, माणूस काही तासांत गंभीर होऊ शकतो. पण ते काही दिवसांत परत वर येतात, म्हणजे हे तात्पुरतं. एचआयव्हीत सीडी४ नावाच्या पेशी मारल्या जातात, दोनशेच्या खाली गेल्या की एड्स म्हणतात. त्या तिसऱ्या दबक्या प्रश्नाचं उत्तर इथेच देते: नाही, मला ते नाही, आणि असतं तरी आवाज खाली आणायची गरज नव्हती. वेळेवर एआरटी, म्हणजे एचआयव्हीवरची औषधं, सुरू झालेला, सीडी४ चांगले असलेला माणूस माझ्यापेक्षा किती तरी कमी इम्युनोकॉम्प्रमाइज्ड असू शकतो. ही औषधं सरकारी केंद्रांत २००४ पासून फुकट मिळतात.

सिकलसेलचं तर कोणाच्या ध्यानातच येत नाही. नंदुरबार, गडचिरोली, मेळघाट या भागांत हा आजार आहे, आणि आपण त्याला रक्ताचा आजार म्हणून सोडून देतो, पण कोयत्यासारख्या वाकड्या पेशी अडकून अडकून पाणथरी, म्हणजे स्प्लीन, लहानपणीच निकामी होत जाते, आणि न्यूमोनिया करणाऱ्या न्यूमोकोकससारखे काही बॅक्टेरिया रक्तातून गाळून काढायचं काम तिचंच असतं. म्हणून त्या मुलांना न्यूमोकोकसची लस आणि लहान वयात पेनिसिलिन महत्त्वाचं. त्या मुलाला कोणी इम्युनोकॉम्प्रमाइज्ड म्हणत नाही. आणि डायबेटिस? २०२१ मधे कोविडच्या दुसऱ्या लाटेत म्युकरमायकोसिसने, म्हणजे त्या काळ्या बुरशीने, आपल्याकडे डोळे काढावे लागले, जबडे काढावे लागले, त्यातल्या बहुतेकांची शुगर हाताबाहेर गेलेली होती आणि वर स्टेरॉइड पडलेलं. शुगर आटोक्यात असलेले काका आणि ते पेशंट यांना एकाच शब्दात बसवायचं की नाही यावर डॉक्टरही "किती आणि कशामुळे" असंच विचारतील.

मला स्वतःला सगळ्यात विचित्र वाटतं ते वेगळंच. आपण धरून चालतो की ताप जंतूच आणतात. खरं म्हणजे ताप, सूज, लाली, पू, हे सगळं आपलीच व्यवस्था करत असते, पू म्हणजे तर बराचसा मेलेल्या पांढऱ्या पेशींचा ढीग. आता पेशीच नसतील तर पू कुठून होणार? काउंट पडलेल्या माणसाला न्यूमोनिया असून एक्सरे जवळजवळ साफ दिसू शकतो. म्हणून केमोवाल्यांना बजावून ठेवतात की ताप १००.४ च्या वर दिसला की क्रोसिन घेऊन सकाळची वाट बघायची नाही, रात्री दोन वाजता सुद्धा निघायचं, कारण तो ताप हीच कदाचित एकमेव खूण असते. माझं आणखी वेगळं, प्रेडनिसोलोन तापच दाबून टाकतं. बसवलेल्या किडनीच्या नसा कापलेल्या असतात, त्यामुळे तिला इन्फेक्शन झालं तरी पाठीत कळ वगैरे येईलच असं नाही. मला एकदा झालं तेव्हा जळजळ नव्हती, थंडी नव्हती, ९९ च्या आसपास अंग आणि जेवणावरची वासना गेलेली, बस. घरातले म्हणाले उन्हाने झालं असेल. रक्तातलं क्रिएटिनिन, ज्यावरून किडनी कशी चाललीये ते कळतं, वाढलेलं आलं तेव्हा कळलं. त्यामुळे "दिसतेस तर छान" या वाक्यावर मी हल्ली नुसती हसते.

कबुतरांचंही सांगते, कारण २०२५ मधे दादरच्या कबुतरखान्यावरून एवढं रण माजलं तेव्हा मला खूप जणांनी विचारलं. कबुतरांच्या विष्ठेने फुफ्फुसांना जो आजार होतो म्हणून चर्चा होती तो हायपरसेन्सिटिव्हिटी न्यूमोनायटिस, त्यात प्रतिकारशक्ती कमी नसते, ती त्या धुळीवर नको तेवढी खवळते. माझी भीती उलटी आहे. त्याच विष्ठेत क्रिप्टोकोकस नावाची बुरशी वाढते, धडधाकट माणूस ती श्वासातून घेऊन पचवून टाकतो, माझ्यासारख्याच्या मात्र ती मेंदूच्या आवरणापर्यंत जाऊ शकते. म्हणजे एकाच बाल्कनीतली एकच घाण, आणि शेजारच्या आजींना होणारा आजार आणि मला होणारा आजार यांची कारणं बरोबर विरुद्ध टोकाची. आमची जाळी बसवून झालीये, खर्चाचं विचारू नका.

लसींबद्दल लोक दोन टोकांना असतात, एक म्हणतात तुला कुठलीच चालत नसेल, दुसरे म्हणतात सगळ्या घेऊन टाक. जिवंत जंतूंच्या लसी मला बंद: एमएमआर (गोवर-गालगुंड-रुबेलाची), कांजिण्यांची, बीसीजी. मेलेल्या जंतूंच्या किंवा तुकड्यांच्या चालतात आणि घ्यायलाच हव्यात, फ्लूचं दरवर्षीचं इंजेक्शन, न्यूमोकोकस, हिपॅटायटिस बी, नागिणीची. फक्त लस घेतली तरी माझं शरीर तिचा धडा अर्धवटच शिकतं, म्हणूनच कोविडच्या वेळी बऱ्याच देशांनी आमच्यासारख्यांना जादा डोस सांगितला होता. भाचा झाला तेव्हा तर वेगळीच पंचाईत, त्याला पोलिओचे थेंब पाजले आणि ते जिवंत लसीचे असतात, काही आठवडे शीतून व्हायरस बाहेर पडतो, म्हणून डॉक्टर म्हणाले बाळाला घ्या, खेळवा, लंगोट मात्र तुम्ही बदलायचा नाही. वहिनी अजून म्हणते की हे मीच डॉक्टरांकडून वदवून घेतलं.

आणि ज्यांना हे जन्मापासूनच असतं ती बाळं. स्किड नावाच्या आजारात लढणाऱ्या पेशी जवळजवळ नसतातच, आणि आपल्याकडे जन्मल्या जन्मल्या बीसीजी देतात, ती सगळ्यांना टीबीपासून सांभाळते पण या बाळात तीच अंगभर पसरू शकते. आधी एखादं भावंड तान्हेपणी इन्फेक्शनने गेलं असेल तर बाळंतपणाआधीच डॉक्टरांना सांगा, ते बीसीजी थांबवून तपासण्या करून घेऊ शकतात. मुंबईत केईएमच्या आवारात आयसीएमआरची इम्युनोहिमॅटॉलॉजीची, म्हणजे रक्त आणि प्रतिकारशक्ती यांच्या अभ्यासाची, राष्ट्रीय संस्था आहे, तिथे या आजारांवर काम चालतं.

हा शब्द मी स्वतः कुठे वापरते? गप्पांत नाही, कारण गप्पांत त्याचा अर्थ बिचारी असा होतो. कॅज्युअल्टीच्या टेबलावर वापरते, आणि तिथे पहिलं वाक्य तेच, "किडनी ट्रान्सप्लांट आहे, इम्युनोसप्रेशनवर आहे", म्हणजे प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या गोळ्यांवर, मग ताप किती ते. गोळ्यांचा फोटो मोबाइलमधे पहिल्याच फोल्डरला ठेवलाय. कारण घसा दुखतोय म्हणून कोणी क्लॅरिथ्रोमायसिन हे अँटिबायोटिक लिहिलं, अंगाला खाज म्हणून फ्लुकोनाझोल हे बुरशीवरचं औषध लिहिलं, की टॅकची लेव्हल झपकन वर. टीबीचं रिफॅम्पिसिन सुरू झालं की ती धाडकन खाली, म्हणून आमच्या लोकांत टीबी निघाला की डॉक्टर दोन दोन दिवस फोनवर असतात. साधी ब्रुफेनसुद्धा किडनीला वाईट. केमिस्ट "मी देतो ना चांगली गोळी" म्हणाला की मी नम्रपणे नको म्हणते आणि माझ्या नेफ्रोला, म्हणजे किडनीच्या डॉक्टरांना, मेसेज टाकते.

एक मात्र करा. घरी यायच्या आधी सर्दी-खोकला असेल तर फोन करा, कांजिण्या घरात असतील तर येऊच नका आणि मी नुकतीच तुमच्याकडे येऊन गेले असेन तर त्याच दिवशी कळवा, मला वेळेत औषध घेता येतं. बाकी हळदीकुंकवाला बिनधास्त बोलवा, येईन, फक्त वाणात फळ असलं तर अख्खं द्या, चिरून ठेवलेलं नको, आणि पन्ह्यात बाहेरचा बर्फ असेल तर मला साधं पाणी चालेल, तेही उकळलेलं.