तांबट आळीतला माइक

कसबा पेठेतल्या तांबट आळीत पहिल्या दिवशी जे शूट केलं, त्यातलं एक मिनिटही फिल्ममध्ये नाही. चित्र सुरेख होतं, बोलणं मात्र पार मेलेलं.

चूक माझीच. ज्यांच्यावर ही फिल्म करतोय ते तांबट काका बोलायला लागले आणि शेजारच्या दुकानांतली ठोकाठोक थांबेना. मग मी हातापाया पडून सगळ्यांना अर्धा तास थांबवलं. थांबले बिचारे. त्या शांततेत काका भाषण पाठ करून आल्यासारखे बोलले: पूर्वज कोकणातले, पेशवाईत पुण्यात आले, वगैरे. सांगून सांगून गुळगुळीत झालेलं. निघताना समोरचा म्हणाला, "साहेब, तुमच्यापायी माझं घंगाळ राहिलं."

त्यानंतर चार महिने कॅमेरा न घेता जात राहिलो. (लग्नाचे मुहूर्त नव्हते. मुहूर्त असले की मी लग्नं शूट करतो, त्यावरच ही चैन चालते.) मठारकाम, म्हणजे भांड्यावर हातोडीने ठोके देणं, मी आधी नुसती नक्षी समजत होतो. एकाला एक चिकटून ठोके पडत जातात, तसा मऊ तांब्याचा पत्रा कडक होतो. चमक येते ती वर. बसून पाहिल्याशिवाय हे कळलं नसतं.

दुसऱ्यांदा शूटला गेलो तेव्हा काकांच्या सदऱ्याच्या आत, छातीशी, लेपल माइक डॉक्टरी पट्टीने चिकटवला आणि म्हटलं, "काम चालू द्या." ट्यूबलाइट लपलपू नये म्हणून शटर 1/50 ला ठेवलं, कारण आपली वीज 50 हर्ट्झची. बाकी काही केलं नाही. काका दोन ठोक्यांच्या मधल्या फटीत बोलायला लागले. उजवीकडून विचारलेल्या प्रश्नांना उत्तरच देत नव्हते. मला वाटलं, टाळतायत. तासाभराने म्हणाले, "या बाजूला ये. तो कान गेलाय." ठोका. "पोरगा हिंजवडीला जातो." ठोका. "शीक म्हणत नाही मी त्याला. त्याचे कान कशाला घालवू?"

एका चॅनलवाल्याला हा तुकडा दाखवला. तो म्हणाला, ठोके काढून खाली सतार टाका. चहाचे पैसे मीच दिले.

गेल्या आठवड्यात कच्चं एडिट बघायला काका घरी आले. एका शॉटमध्ये त्यांच्या ठोक्याचा आवाज खराब आला होता, म्हणून तिथे समोरच्या दुकानातला ठोका बसवला होता. हातोडी पडते तिथेच, फ्रेमला फ्रेम जुळवून. दोन रात्री गेल्या होत्या त्यात. काकांनी डावा कान स्पीकरकडे केला.

"हा ठोका माझा नाही."

"काका, तुम्हाला कसं कळलं?"

"अरे, हा बंबाचा ठोका. पोकळ वाजतोय. माझ्या हातात काय आहे बघ की, तवली आहे."

मंगळवारी रेकॉर्डर घेऊन पुन्हा जातोय. तवली विकली गेलीय, काका दुसरी घेऊन बसणार आहेत.