ऊसतोड टोळी आणि हजारातली 23 माणसं

2011 च्या जनगणनेत वाळवा तालुक्यातल्या एका गावाचा प्रगणन गट, म्हणजे एकानं मोजायचा भाग, माझ्याकडे होता. मोजणीची मुदत 9 ते 28 फेब्रुवारी, त्यानंतर 5 मार्चपर्यंत फेरतपासणी.

गावठाणातली घरं भराभर झाली. वेळ खाल्ला तो वयानं. म्हातारी माणसं सरसकट साठ नाहीतर पासष्ट सांगायची. मग मी विचारायचो, "कोयनेचा भूकंप झाला तेव्हा थोरला केवढा होता?" 1967 साल धरलं की हिशेब लागायचा. शून्य आणि पाचनं संपणाऱ्या वयांवर किती गर्दी झाली, यावरून जनगणनेतली वयं कितपत विश्वासाची हेसुद्धा तपासतात. त्यामुळे मी तिथं घाई केली नाही.

खरा कस लागला तो ऊसतोड टोळीपाशी. फेब्रुवारी म्हणजे ऐन गाळप. पहाटेच माणसं फडात, कोप्यांत, म्हणजे टोळीच्या झोपड्यांत, फक्त लहान पोरं. दिवस मावळल्यावर गेलो, तर मुकादम म्हणाला, "गुरुजी, आम्ही बीडकडचे. हितं कशाला लिवता? गावाकडं म्हातारी हाय, ती सांगंल की."

पेच इथंच होता. मोजणीच्या सगळ्या मुदतीत जो आपल्या घरी नसतो, त्याला तो सापडेल तिथंच मोजायचं, असा नियम. मी सोडलं आणि म्हातारीनंही नाव सांगितलं नाही, तर माणूस सुटला. दोन्हीकडे लिहिलं गेलं, तर दुबार. मुकादमाला हे समजावून सांगितलं, तेव्हा त्यानं स्वतः कोपी-कोपी फिरवून नावं दिली.

असे सुटलेले आणि दुबार किती, हे नंतर नमुना पाहणीतून काढतात. देशभरातले काही गट निवडून तिथं स्वतंत्रपणे पुन्हा मोजणी होते आणि दोन्ही याद्या माणसागणिक ताडून बघतात. 2011 ला दुबार वजा जाता हजारी सुमारे 23 माणसं सुटल्याचं निघालं. 121 कोटींच्या देशात हे पावणेतीन कोटींच्या आसपास जातं! मूळ आकडा मात्र त्यावरून बदलत नाहीत, आणि मला ते पटतं. चूक किती ते मोजून उघड सांगितलेलं बरं.

पुढच्या गणनेचा संदर्भ दिनांक (ज्या दिवसाची लोकसंख्या धरतात ती तारीख) 1 मार्च 2027 आहे, म्हणजे पुन्हा गाळपाचाच हंगाम. आमच्या भागात ज्यांना हे काम मिळेल, त्यांनी नजरी नकाशात, म्हणजे आपल्या भागाच्या हातानं काढलेल्या कच्च्या नकाशात, कोप्या आधी दाखवाव्यात, मुकादमाला अगोदर गाठावं आणि मोजायला संध्याकाळीच जावं.